सत्याऐंशी पट्ट्या

डंडीच्या टेकडीवरच्या इस्पितळात
वर्षातून दोनदा मी पियानो लावायला जायचो.
शिपाई कोपराला धरून नेई.
कार्बोलिकचा वास, मग उकडलेल्या कोबीचा,
मग तेरावी पायरी, जराशी खचलेली,
आणि वर तिचे बूट: एक ठाम, एक फरफटता.
मिस इशबेल रॅट्रे. चेहरा मला ठाऊक नाही.
कुणी म्हणायचं उंच, कुणी म्हणायचं कुरूप.
माझ्यासाठी ती एक खोकला होती
आणि त्यानंतरची थांबलेली जागा.

तिच्या आधी तिथे संगीत म्हणजे
नाताळात बँड यायचा
आणि रुग्णांनी रांगेत बसून टाळ्या वाजवायच्या.
ती म्हणाली, वाजवायचं त्यांनी. ऐकायचं आपण.
मंडळाच्या इतिवृत्तात याची नोंद झाली
'गोंगाट' अशी,
कोळशाच्या वाढीव खर्चाखाली.

डॉक्टर पिटकेथली विचारायचे, हे मोजायचं कशात?
ती वह्या लिहायची. माझं काम संपलं की
मला वाचून दाखवायची, दुसरं कोण ऐकणार:
"मंगळवार. नेटा डूगन, वय एकसष्ट.
तीस वर्षं तागाच्या गिरणीत, नऊ वर्षं इथे, गप्प.
आज मी मागाचा ठेका धरला.
डावा पाय हलला.
मी ठेका मुद्दाम चुकवला.
ती रागावली."
इथे वहीवर बोट आपटल्याचा आवाज.
"रागावली, मिस्टर लोगी! माझ्यावर!"
एवढा आनंद मी कुणाच्या लग्नातही ऐकलेला नाही.

आणि रुआरी. गोदीजवळच्या वस्तीतला, सात वर्षांचा.
बोलणं नाही, नुसतं रडणं, तेही एकाच उंचीवर.
एका ऑक्टोबरात मला काळी चार उतरलेली सापडली,
पाव सुराहून थोडी कमी, म्हणजे
दातात खडा.
मी किल्ली लावली. तिचा हात माझ्या मनगटावर आला.
"राहू दे. तो तिथूनच सुरू होतो."
मी म्हणालो, बाई, हे माझ्या धंद्याला शोभत नाही.
"माझ्याही नाही," ती म्हणाली.

तेवढ्यात खाली टे नदीवर फेरीबोटीनं भोंगा दिला
आणि तो तोच होता, तेवढाच उतरलेला.
पोर पाळण्यात असल्यापासून हेच ऐकत आलेलं.
अख्ख्या शहरात ते एकटं सुरात होतं,
आणि मी किल्ली घेऊन उभा.

त्यानंतर माझी बिलं: सत्याऐंशी पट्ट्या.
कारकून विचारायचा, एक कुठे गेली?
मी म्हणायचो, नदीवर.

रुआरी पुढे बोलला का, असं लोक विचारतात.
नाही. बाराव्या वर्षी न्यूमोनियानं गेला.
तिनं तेही वाचलं, त्याच आवाजात,
एकही स्वल्पविराम न गाळता:
"त्यानं ती पट्टी वाजवली. मी वाजवली.
मग त्यानं वाट पाहिली. चार सेकंद. माझी."
पान उलटायला तिला वेळ लागला.

आता कॉलेजात तिच्या नावाची खुर्ची आहे म्हणे.
तरुण मुली टेपरेकॉर्डर घेऊन माझ्याकडे येतात,
तिची पद्धत काय होती विचारतात.
मी सांगतो: खोकला, मग थांबणं.
त्या हसत नाहीत, हे बरं.

पियानो चर्चच्या हॉलला विकला गेला.
नव्या पाद्र्यानं मला बोलावलं. सगळ्या, तो म्हणाला, अठ्ठ्याऐंशी.
मी काळी चारच्या तिन्ही तारा ओढल्या.
चढली. बसली. स्वच्छ.
पुन्हा पुन्हा वाजवून पाहिली,
भाडेकरू बदललेल्या घराची कडी वाजवावी तशी.
नदीवर आता पूल झाला आहे. मोटारी जातात,
त्यांना काही सूर नसतो.

पैसे घेतले, घरी आलो.
बिल लिहायला बसलेल्या बायकोनं आकडा विचारला
तर तोंडातून गेलं,
सत्याऐंशी.